इटलीत सुट्टीत स्वयंपाकाचा वर्ग : बोलोन्या, दोन हात लांब लाटणं आणि आमच्या सासूबाई

केतकीबन

गेल्या सप्टेंबरात आम्ही चौघं बारा दिवस इटलीत होतो: मी, नवरा, कॉलेजात जाणारी लेक आणि 72 वर्षांच्या सासूबाई. त्या बारा दिवसांतली एक सकाळ लिहून काढायची हे परत आल्यापासून डोक्यात होतं. इथे बरेच जण उन्हाळ्यात युरोपचे बेत आखत आहेत, तेव्हा आताच लिहिते.

बोलोन्या आमच्या यादीत खरं तर रेल्वेमुळे आलं. फ्लॉरेन्सहून व्हेनिसला जाताना वाटेत पडतं, वेगवान गाडीने फ्लॉरेन्सपासून जेमतेम 40 मिनिटं. दोन रात्री ठेवल्या. तिथले लोक आपल्या गावाला तीन नावांनी ओळखतात: विद्वान, कारण विद्यापीठ 1088 सालचं, लाल, घरांच्या रंगामुळे, आणि गुबगुबीत, खाण्यापिण्यामुळे. तिसरं नाव वाचून लेकीने स्वयंपाकाचा वर्ग शोधला. एका बाईंच्या घरच्या स्वयंपाकघरात, सहाच माणसं, साडेतीन तास आणि शेवटी केलेलं सगळ्यांनी बसून जेवायचं. माणशी 95 युरो. पैसे भरण्याआधी मी मेल टाकली: आमच्यात कोणी गाय-डुक्कर खात नाही, आणि आजी अंडंही खात नाहीत, त्या फक्त बसून बघतील. एका ओळीचं उत्तर आलं, "आजींसाठी वेगळं पीठ भिजवू."

बोलोन्याची पास्त्याची पारी म्हणजे 'स्फोल्या'. 100 ग्रॅम मैद्याला एक अंडं, बस. पाणी नाही, तेल नाही, मीठही नाही. ओट्यावर एक मोठा लाकडी पाट, त्यावर पिठाचं आळं करून मधे अंडी फोडायची आणि काट्याने फेटत फेटत कडेचं पीठ आत ओढायचं. मग दहा-पंधरा मिनिटं मळायचं. मनगटाच्या वरच्या तळव्याने पुढे ढकलायचं, दुमडायचं, फिरवायचं. इथवर आपले हात तयार असतात. गोळा झाकून अर्धा तास ठेवला.

खरी परीक्षा लाटण्याची. लाटणं जवळजवळ दोन हात लांब आणि सरळसोट. पोळी लाटताना आपण दाब देतो आणि पोळी आपोआप फिरते. इथे दाब द्यायचाच नाही. पारीची कड लाटण्यावर गुंडाळून घ्यायची आणि दोन्ही तळवे मधून बाहेर सरकवत ती ताणायची, मग उलगडायची, पाव वळसा फिरवायची, पुन्हा गुंडाळायची. माझी पहिली पारी मधे जाड राहिली आणि कडेला फाटली. बाईंनी माझे दोन्ही हात आपल्या हातात धरून चार वेळा सरकवले, तेव्हा कुठे कळलं की जोर खांद्यातून यायला हवा. पारी किती पातळ हवी? गावाबाहेर टेकडीवर सान लुकाचं देऊळ आहे, ते तिच्यातून दिसलं पाहिजे, अशी तिथली म्हण. आमच्यातून खिडकीची चौकट दिसली, तेवढ्यावर बाई खूश झाल्या.

पाट लाकडाचाच का, दगडी ओटा का नाही, हे लेकीने विचारलं. लाकूड किंचित खरबरीत असतं, तो खरबरीतपणा पारीवर उतरतो आणि त्याला रस्सा धरून राहतो. यंत्रातून काढलेली पारी गुळगुळीत होते, सॉस तिच्यावरून घसरतो. दोन्ही शेजारी ठेवून त्यांनी बोट फिरवायला लावलं. ही गोष्ट पुस्तकात दहा वेळा वाचली असती तरी मला पटली नसती.

पारी थोडी सुकू दिली, घडी घालून सुरीने कापली आणि ताल्यातेल्ले नावाच्या लांब पट्ट्या झाल्या. त्यांची रुंदी ठरलेली आहे. 1972 साली बोलोन्याच्या व्यापारी संघाच्या कचेरीत तिचं माप रीतसर नोंदवलं, सोन्याचा एक नमुनाही ठेवला: शिजल्यावर 8 मिलिमीटर, म्हणजे गावातल्या आसिनेल्ली मनोऱ्याच्या उंचीचा 12,270वा भाग. उरलेल्या पारीचे चौकोन करून आत रिकोता चीज आणि पार्स्लीचं सारण भरलं, त्या तोर्तेल्लोनी. तोर्तेल्लिनी नव्हे, त्या चिमुकल्या, मांसाचं सारण घालून रश्श्यात सोडतात.

आता सासूबाई. त्यांच्यासाठी बाईंनी फक्त पीठ, कोमट पाणी आणि मीठ घालून गोळा भिजवला होता. त्याची स्त्रोत्साप्रेती करायची. शेजारच्या रोमान्या भागातला हा बिनअंड्याचा पास्ता: पारीची पट्टी दोन तळव्यांत धरून एकदा चोळायची की पीळ पडतो, तेवढा तुकडा तोडायचा. बाईंनी एकदा करून दाखवलं. आईंनी एकदा पाहिलं, पदर खोचला आणि पाच मिनिटांत ताट भरलं. मग त्यांनी उरलेल्या गोळ्याची बारीक सुतळी वळली आणि अंगठा व तर्जनीच्या चिमटीत गव्हले करायला सुरुवात केली. एकसारखे, गव्हाच्या दाण्याएवढे, दोन्ही टोकांना निमुळते. बाई आपलं काम सोडून बघत उभ्या राहिल्या. मग आईंनी मालत्या करून दाखवल्या, नखाने दाबून नखुल्या. आणि मराठीतच म्हणाल्या, "फणी असती तर फणोल्या दाखवल्या असत्या."

लेकीने भाषांतर केलं. बाई आत गेल्या आणि एक लाकडी फणी घेऊन आल्या. गार्गानेल्ली नावाचा पास्ता तिकडे फणीवरच वळतात. पारीचा चौकोन बारीक काडीवर गुंडाळून फणीवरून फिरवायचा की नळी होते आणि अंगावर रेघा उठतात. आईंनी ती फणी हातात घेतली आणि बराच वेळ काही बोलल्या नाहीत. त्यांच्या माहेरी लग्नाआधी बायका जमून वळवट करायच्या, त्यातली फणी अशीच होती, हे त्यांनी रात्री सांगितलं. लग्नाला 24 वर्षं झाली माझ्या, हे मी पहिल्यांदा ऐकलं.

माझं मत सांगते, मग तुम्ही लिहा. एक, हा वर्ग सहलीच्या शेवटी 'वेळ उरला तर' म्हणून ठेवू नका, पहिल्या दोन-तीन दिवसांत घ्या. आमचा सातव्या दिवशी झाला आणि त्याआधीचे सहा दिवस आम्ही काय खात होतो ते आम्हाला कळतच नव्हतं. दोन, 'पास्ता, पिझ्झा, तिरामिसू आणि जेलातो, सगळं तीन तासांत' असे वर्ग टाळा. एकच गोष्ट शिकवणारा घ्या. आम्ही पारी शिकलो, बाकी सगळं तिच्यातूनच निघालं.

नीलमोहर

वाचताना फणीपाशी थांबले. माझ्या आजीकडे शिंगाची फणी होती, फक्त वळवटासाठी वेगळी ठेवलेली. ती कुठे गेली कोणालाच माहीत नाही.

एक विचारायचं होतं, साडेतीन तास उभं राहणं सासूबाईंना झेपलं का? माझी आई 70 ची आहे, गुडघे दुखतात.

केतकीबन

नीलमोहर, खुर्ची मागितली, लगेच मिळाली. गव्हले बसूनच केले त्यांनी. मात्र घर तिसऱ्या मजल्यावर होतं आणि लिफ्ट नव्हती, जुन्या गावात बहुतेक ठिकाणी असंच असतं. ते आधी विचारून घ्या. आम्ही विचारलं नव्हतं, आईंना दोनदा थांबावं लागलं.

पाटावरवंटा

माझा अनुभव वेगळा आहे, तोही नोंदवतो. दोन वर्षांपूर्वी रोममध्ये आम्ही असाच वर्ग घेतला. जाहिरातीत 'स्वतःच्या हाताने' असं ठळक लिहिलं होतं. तिथे पोचलो तर 22 माणसं, दोन लांब टेबलं, आणि प्रत्येकासमोर आधीच मळलेला लिंबाएवढा गोळा. यंत्राचा दांडा प्रत्येकाने दोन-दोनदा फिरवला, फोटो काढले, संपलं. जेवायला आलेला पास्ता आम्ही केलेला नव्हता, आतल्या खानावळीच्या स्वयंपाकघरातून आला होता. मुलीने विचारलं, "बाबा, आपला कुठे आहे?" तिला काय सांगावं कळेना. पैसे गेल्यापेक्षा ते जास्त लागलं, कारण ती आदल्या रात्रीपासून वाट बघत होती.

जागेचं नाव लिहीत नाही. पण आरक्षण करण्याआधी काय विचारायला हवं हे कोणी जाणकार सांगेल का?

मिलानकर

पाटावरवंटा, वाईट वाटलं वाचून. मी इथे इटलीत अकरा वर्षं आहे आणि भारतातून येणाऱ्या नातेवाइकांसाठी हे वर्ग शोधून देणं हे आता माझंच काम झालंय. मी चार गोष्टी विचारतो. किती माणसं (आठच्या वर असेल तर मी सोडून देतो). पीठ आम्ही मळणार की तयार मिळणार. लाटणं की यंत्र. आणि जेवायला आम्हीच केलेलं असेल ना. उत्तर गुळमुळीत आलं की समजायचं.

भाजीमंडईतून सुरू होणारा वर्ग मिळाला तर नक्की घ्या. तो सकाळी लवकर असतो, थोडा महाग पडतो, पण कोणता टोमॅटो सॉसचा आणि कोणता कच्चा खायचा हे उभ्याउभ्या कळतं. खेड्यात राहणार असाल तर शेतघरांत चौकशी करा. तिथे पाहुणे उतरवतात आणि पुष्कळ ठिकाणी घरची बाईच शिकवते. तोस्कानात सिएनाच्या दक्षिणेला 'पीची' शिकायला मिळते. फक्त पीठ-पाणी, पाटावर हाताने वळलेली जाड शेवई. लहान मुलांना फार आवडते, कारण लांबच लांब वळायची चढाओढ लागते.

ऑगस्टमध्ये येणाऱ्यांनी लक्षात ठेवा, 15 ऑगस्टला इथे 'फेर्रागोस्तो'ची मोठी सुट्टी असते. त्याच्या आगेमागे घरगुती वर्ग, छोट्या खानावळी बंद करून लोक समुद्रावर जातात. उघडे राहतात ते बहुतेक पर्यटकांच्या गर्दीचे.

आणि आता शाकाहाऱ्यांसाठी, कारण हे कोणी आपणहून सांगत नाही. पार्मिज्यानो रेज्यानो चीज शाकाहारी नाही. दूध विरजायला वासराच्या जठरातलं रेनेट वापरतात, तो त्या चीजच्या नियमाचाच भाग आहे, त्यामुळे 'शाकाहारी पार्मिज्यानो' असं काही नसतंच. ग्राना पादानोतही तेच, शिवाय त्यात बहुतेक वेळा अंड्यातून काढलेलं लायसोझाइम असतं. पेकोरीनो रोमानोला कोकराचं. पाळायचं असेल तर 'काल्यो वेजेताले', म्हणजे वनस्पतीजन्य रेनेट, असं विचारा. मास्कारपोने हे मऊ चीज चालतं, ते आंबट घालून फाडतात, आपल्या पनीरसारखं. पण ते ज्यात घालतात त्या तिरामिसू नावाच्या गोडात कच्ची अंडी असतात, तिथे पुन्हा अडतं.

आणखी: रिसोत्तो, म्हणजे तिथला मऊ भात, बहुतेक ठिकाणी मांसाच्या रश्श्यात शिजवतात. रोमान्यातल्या पियादीना नावाच्या भाकरीत परंपरेने डुकराची चरबी घालतात. 'मांस नको' एवढं सांगून हे सुटत नाही, रस्सा आणि चरबी वेगळी सांगावी लागते.

केतकीबन

मिलानकर, रेनेटचं आम्हाला तिथे गेल्यावर कळलं, तेही लेकीने पाकिटावरचं वाचलं म्हणून. आईंनी चीज वासानेच नाकारलं होतं, त्यामुळे त्यांच्यापुरता प्रश्न आला नाही. टोमॅटो, बेसिल आणि ऑलिव्ह तेल एवढ्यावर स्त्रोत्साप्रेती जेवल्या, आवडीने. आम्ही अंडी खाणाऱ्यांनी तोर्तेल्लोनी लोणी आणि सेज नावाच्या पानांवर परतून खाल्ल्या.

उंबरठा

मला थोडं वेगळं म्हणायचं आहे, कोणी राग मानू नका. माझ्या घरात सात माणसं. सकाळी साडेपाचला ओट्याशी उभी राहते ती रात्री साडेनऊला सुटते. सुट्टीचे आठ दिवस मला ओटा दिसायलाच नको असतो. परदेशात जाऊन, वर पैसे देऊन पुन्हा पीठ मळायचं, ही कल्पनाच मला सहन होत नाही. मला त्या वेळी कुठेतरी कॉफी घेऊन चौकात बसू दे.

केतकीबन

उंबरठाताई, राग कसला. तुमचं बरोबर आहे आणि माझ्याही मनात जाण्याआधी हेच होतं. दोन गोष्टींनी फरक पडला. तिथे भांडी मला घासायची नव्हती, आणि कोणासाठी वेळेवर ताट वाढायचं नव्हतं. रोज दमवतं ते पीठ मळणं नसतं, त्याच्या आगचंमागचं सगळं असतं, हे मला त्या दिवशी कळलं. आणि नवऱ्याने आयुष्यात पहिल्यांदा कणीक मळली. परत आल्यापासून रविवारच्या पोळ्यांची कणीक तो मळतो.

तरीही नकोच वाटत असेल तर घरच्या बाकीच्यांना पाठवा आणि तुम्ही खुशाल चौकात बसा. जेवणाच्या वेळेला पाहुणा म्हणून येऊ देतात, थोडे कमी पैसे घेऊन. आमच्या गटातल्या एकाची बायको तशीच आली होती.

उंबरठा

हे मला चालेल. नवरा आणि दोन्ही मुलगे, तिघांनाही पाठवते.

वऱ्हाडी_ठेचा

फणोल्यांवरून सरगुंडे आठवले. आमच्याकडे अकोल्याला उन्हाळ्यात आई-मावश्या करायच्या. कणकेची बारीक दोरी वळून काडीवर पीळ घालत गुंडाळायची, अलगद काढायची, वाळवायची. मग उकडून आंब्याच्या रसासंग खायचे.

मी 2019 मध्ये कामानिमित्त दक्षिण इटलीत कालाब्रियात होतो. मुक्काम होता त्या घरच्या आजी छत्रीच्या तारेसारख्या सळईवर पीठ गुंडाळून लांब नळ्या करत होत्या. 'मक्केरोनी' म्हणाल्या, सळईला 'फेर्रेत्तो'. मी त्यांच्या शेजारी बसलो आणि काडी मागितली. भाषा येत नव्हती, पण दोघं मिळून तास-दीड तास करत बसलो. तो काही वर्ग नव्हता, पैसेही नव्हते. पण तुमचं लिहिलेलं वाचून तीच दुपार उभी राहिली. आईला फोन करून सांगितलं तेव्हा तिचा पहिला प्रश्न, "त्या वाळवतात कुठं?"

दर्यावर्दी

मी गोव्याचा, जहाजावर नोकरी. जेनोवाला आमचं जहाज लागायचं तेव्हा एकदा दिवसभराची सुट्टी मिळाली आणि मी पेस्तोचा, म्हणजे बेसिलच्या चटणीचा, वर्ग घेतला. दोन तास, आठ जण. प्रत्येकाला संगमरवरी खल आणि लाकडी बत्ता. लसूण आणि पाइनचे दाणे आधी, मग जाडं मीठ आणि बेसिलची कोवळी पानं, मग चीज, शेवटी तेल. शिकवणाऱ्याने पहिल्याच मिनिटाला माझा हात धरला, कारण मी कुटत होतो. पान कुटायचं नसतं. बत्ता कडेने गोल फिरवून भरडायचं असतं, नाहीतर काळं पडतं. मिक्सरच्या पात्याने गरम होऊन तेच होतं. आमच्या घरी आई रगड्यावर वाटण वाटते तेव्हा 'घाई केलीस की चव जाते' म्हणते. मला तेव्हा ते उगाच वाटायचं.

तिथली पानं लहान असतात, पुदिन्याचा वास येऊ नये म्हणून कोवळीच खुडतात. आपला सब्जा त्याच जातीच्या झाडाचं बी. तुळस मात्र वेगळी, तिने पेस्तो करू नका. माझ्या बहिणीने केला होता, कडू झाला.

शाकाहाऱ्यांसाठी जेनोवातली फारिनाता सुचवेन. चण्याचं पीठ, पाणी, मीठ, ऑलिव्ह तेल. पीठ काही तास भिजवून वरचा फेस काढून टाकतात आणि तांब्याच्या मोठ्या परातीत लाकडाच्या भट्टीत भाजतात. बेसनाच्या पोळ्याची सख्खी बहीण. अंडं नाही, चीज नाही, काही विचारायला लागत नाही.

शेतीवाडी

सांगली जिल्ह्यात खपली लावतो, म्हणून लिहितो. इटलीत ज्याला 'फार्रो' म्हणतात त्यात आपला खपली गहूही येतो, तीच जात, टरफल घट्ट चिकटलेलं आणि कांडून काढावं लागणारं. तोस्कानात गारफान्याना खोऱ्यातल्या फार्रोला भौगोलिक मानांकन आहे. ते लोक त्याचे दाणे कडधान्यासोबत सूपमध्ये शिजवतात, आपण खीर करतो.

आणि बाजारातला कोरडा पास्ता ज्या गव्हाचा असतो, तो आपल्याकडचा बन्सी. पिवळसर, काचेसारखा कडक दाणा. शेवया-कुरडयांना जुन्या बायका बन्सीच मागतात ते यासाठीच, शिजून मोडत नाही. तेव्हा मैदा आणण्याआधी घरच्या गव्हाकडे बघा. फक्त खपलीची पारी एकट्याने लाटू नका, चिवटपणा कमी असतो, ताणली की फाटते.

नीलमोहर

शेतीवाडी, हे माहीतच नव्हतं. केतकीबन, घरी येऊन करून बघितलं का? अंडं आणि पिठाचं प्रमाण तेच?

केतकीबन

केलं. तेच प्रमाण चाललं नाही. तिथलं अंडं मोठं, आपलं बहुतेक 50 ग्रॅमच्या आसपास. त्यामुळे एका अंड्याला 85 ते 90 ग्रॅम मैदा पुरतो, 100 घातला की गोळा कोरडा पडतो आणि मग पाण्याचा मोह होतो. दुसऱ्या वेळी निम्मा मैदा, निम्मा अगदी बारीक रवा घेतला. हात जास्त दुखले, पण चावताना मजा आली. पिवळा रंग मात्र आला नाही. तिथल्या अंड्याचं बलक नारिंगी असतं, पास्त्यासाठी म्हणून तशी वेगळी विकतात.

पाट म्हणून आईंचा जुना जेवायचा पाट उलटा करून वापरला. लाटणं एका सुताराकडून करून घेतलं, 80 सेंटिमीटर. यापेक्षा लांब आमच्या ओट्यावर फिरत नाही. मीठ पारीत नाही, उकळत्या पाण्यात: लिटरला 10 ग्रॅम मीठ, 100 ग्रॅम पास्त्याला एक लिटर पाणी. ताजी ताल्यातेल्ले दोन-तीन मिनिटांत शिजतात, झाकण ठेवून बाजूला जाऊ नका.

मिलानकर

एक बातमी इथे ठेवतो, बऱ्याच जणांच्या नजरेतून सुटली असेल. 10 डिसेंबर 2025 ला युनेस्कोने इटालियन स्वयंपाकाला अमूर्त वारशाच्या यादीत घेतलं. बैठक दिल्लीत, लाल किल्ल्यात होती. त्याच बैठकीत आपली दिवाळीही त्या यादीत गेली. इथल्या कचेरीत मी दोन्हीचे लाडू वाटले. याआधी 2017 मध्ये नेपल्सच्या पिझ्झा करणाऱ्यांच्या कलेचा समावेश झाला होता, पण या वेळी एखादा पदार्थ नाही, घरात एकत्र बसून रांधणं-जेवणं हीच गोष्ट धरली आहे. केतकीबन यांची सकाळ वाचून मला तेच आठवलं.

पाटावरवंटा

परत आलो, म्हणून धागा वर काढतोय. मुलीला शब्द दिला होता, म्हणून या वेळी दक्षिण इटलीतल्या पुलियात गेलो. मिलानकर यांचे चारही प्रश्न आधी मेलने विचारले. एका ठिकाणाहून चारही उत्तरं सरळ आली, तिथेच गेलो.

बारीच्या जुन्या गावात किल्ल्याजवळ एक गल्ली आहे, बायका दारात टेबल टाकून ओरेक्येत्ते नावाचा पास्ता करत बसतात. शब्दशः 'छोटे कान'. कडक गव्हाचा दोनदा दळलेला रवा आणि कोमट पाणी, अंडं नाही. दोरी वळायची, करंगळीच्या पेराएवढे तुकडे, आणि बोथट सुरीने प्रत्येक तुकडा पाटावर आपल्याकडे ओढायचा. तो सुरीवर गोळा होतो, मग अंगठ्यावर उलटा करायचा. त्या बायका बोलता बोलता करतात, हाताकडे बघतही नाहीत. आमचा वर्ग तिथून दोन गल्ल्या सोडून, पाच माणसांचा. मुलीने 64 कान केले, मोजून. पहिले वीस जाड झाले आणि शिकवणाऱ्या काकूंनी ते वेगळ्या भांड्यात शिजवले, कारण त्यांना वेळ जास्त लागतो. फेकले नाहीत. मुलीने तेच आधी खाल्ले.

शाकाहाऱ्यांसाठी: तिथे ते 'चीमे दी रापा' नावाच्या कडसर पाल्याबरोबर करतात, मोहरीच्या पाल्याची आठवण येते. त्यात अँचोव्ही नावाची मासळी तेलात विरघळवलेली असते, दिसत नाही. आधी सांगा.

नीलमोहर

64! तिला शाबासकी सांगा.

केतकीबन

पाटावरवंटा, किती बरं वाटलं वाचून. आमच्याकडेही बातमी आहे. बोलोन्याच्या बाईंची मेल आली काल. त्यांनी नातीला घेऊन गव्हले केले, फोटो पाठवला. थोडे जाड आहेत, पण टोकं छान निमुळती आली आहेत. वाळवून बरणीत भरलेत आणि आता विचारतात, हे शिजवायचे कशात?

आईंनी खीर सांगितली: गव्हले तुपात मंद आचेवर गुलाबी परतायचे, मग थोड्या पाण्यात शिजवायचे, त्यानंतर दूध, साखर, वेलदोडा, जायफळ. लेक इटालियनमध्ये लिहिते आहे. तुपाला काय म्हणायचं? आणि साखर किती विचारलं तर आई म्हणतात, "अंदाजाने, लागेल तशी." ते कसं लिहू?

मिलानकर

तुपाला 'बुर्रो क्यारिफिकातो', बाटलीत मिळतं. वेलदोडा 'कार्दामोमो'. जायफळाला शब्द शोधू नका, बोलोन्यात ते प्रत्येक घरात असतं, तोर्तेल्लिनीच्या सारणात घालतात.

आणि 'लागेल तशी'साठी तर तयार शब्द आहे: 'क्वान्तो बास्ता'. इथल्या प्रत्येक पाककृतीत मीठ-मिरीपुढे त्याची दोन आद्याक्षरं छापलेली असतात. साखरेपुढे तीच लिहा, बाईंना बरोबर कळेल.